‘आधी तुम्ही’ म्हणणारा लेव्हिनास आणि रात्रपाळीच्या मावशी

कोपऱ्यातलं टेबल (धागाकर्ता)

आईला पॅरालिसिसचा झटका आल्याला सात महिने झाले. पहिले तीन महिने रात्री मीच जागत होतो. दर दोन तासांनी कूस बदलायची आणि मधल्या वेळात डोळा लागू नये म्हणून काहीतरी वाचायचं. अशा वेळी शहाणी माणसं पोथी वाचतात, मी इमॅन्युएल लेव्हिनास हा फ्रेंच तत्त्वज्ञ वाचला. दोन्हींत कळण्याचं प्रमाण साधारण सारखंच असावं.

नाव ऐकलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. १९०६ साली लिथुआनियातल्या कौनासला ज्यू घरात जन्म. कॉलेज फ्रान्सात, स्ट्रासबुर्गला. १९२८-२९ मध्ये जर्मनीत फ्रायबुर्गला जाऊन हुसेर्ल आणि हायडेगर या तत्त्वज्ञांपुढे बसला, हायडेगरवर तर अक्षरशः भाळला. १९३३ मध्ये हे हायडेगर गुरुजी नाझी पक्षात गेले. १९४० मध्ये फ्रेंच सैन्यातला हा दुभाषा जर्मनांच्या हाती लागला आणि युद्ध संपेपर्यंत कैदेत राहिला, जर्मनीत हानोफरजवळच्या छावणीत असताना जंगलात लाकडं तोडत होता. अंगावर सैनिकाचा गणवेश होता म्हणून जगला. कौनासला राहिलेले आई, वडील आणि भाऊ मारले गेले.

एवढं सोसलेल्या माणसाने सूड, हक्क, संरक्षण यांवर लिहिलं असतं तरी कुणी नावं ठेवली नसती. त्याने लिहिलं दुसऱ्याबद्दलच्या जबाबदारीवर. ‘समग्रता आणि अनंत’ हा त्याचा १९६१ चा मोठा ग्रंथ. म्हणणं असं : तत्त्वज्ञान ‘जे आहे ते काय आहे’ इथून सुरू होतं ही चूक आहे. त्याच्याही आधी समोरच्या माणसाचा चेहरा असतो. चेहरा म्हणजे नाकडोळे नव्हेत. समोरच्याच्या डोळ्यांचा रंगही लक्षात न येणं ही भेटीची सगळ्यात चांगली रीत, असं त्याने एका मुलाखतीत सांगून ठेवलंय. तो चेहरा माझ्याकडे मागणी करतो : मारू नकोस, मला मरायला एकट्याला सोडू नकोस. ही जबाबदारी मी कुठे सही करून घेतलेली नाही. ती परतफेडीची नाही, त्याने माझ्यासाठी काय करावं हा त्याचा प्रश्न. आणि तिला शेवट नाही, जितकी निभवावी तितकी वाढते. उदाहरण तो अगदी साधं द्यायचा, दारात थबकून ‘आधी तुम्ही’ म्हणणं. रशियन कादंबरीकार दोस्तोयेव्हस्कीचं एक वाक्य त्याच्या तोंडी कायम असे, की आपण सगळेच सगळ्यांचे अपराधी आहोत, आणि मी इतरांपेक्षा जास्त.

आता आमच्या घरात या. चार महिन्यांपूर्वी माझीच पाठ धरली, तेव्हा ब्युरोकडून रात्रीच्या मावशी आल्या. आठ ते आठ. मी झोपायला लागलो. एकदा अकराच्या सुमाराला पाणी प्यायला उठलो तर मावशी गॅलरीत उभ्या, फोनवर दबक्या आवाजात : “कडी लावली का? खालची नाही रे, वरची. स्टूल घे.” पलीकडे त्यांचा मुलगा. चौथीत आहे. रात्री खोलीत एकटा.

आईचा चेहरा माझ्यासमोर आहे. मावशींचाही आहे. स्टुलावर चढलेल्या त्या पोराचा नाही. आणि माझ्या आईजवळ रात्री कुणीतरी आहे, कारण त्याच्याजवळ कुणी नाही.

बरं, माझी जबाबदारी अमर्याद आहे. कबूल. मग मी करू काय? मावशींना घरी पाठवू? आईचं काय? मुलाला इथे आणा म्हणू? त्याची शाळा, आमचा वन बीएचके, ब्युरोचे नियम. आणि आमच्या सोसायटीतच अशा चार मावशी येतात.

माझं मत उघड लिहितो, म्हणजे भांडायला सोपं जाईल. ‘अमर्याद जबाबदारी’ हा शब्द ऐकायला भव्य आणि वापरायला निरुपयोगी आहे. जे कर्ज कधीच फिटणार नाही त्याचा हप्ताही कुणी भरत नाही. मर्यादा घातलेली, वाटून घेतलेली, कागदावर लिहिलेली जबाबदारीच काय ती निभावली जाते. लेव्हिनासने दुखणं बरोबर ओळखलं, गोळी मात्र एकही लिहून दिली नाही.

खडूस आजोबा

‘आधी तुम्ही, आधी तुम्ही’ म्हणता म्हणता लखनौचे दोन नवाब फलाटावरच राहिले आणि गाडी निघून गेली, हा विनोद या फ्रेंच गृहस्थांच्या कानी कुणी घातला नाही वाटतं.

आईची तब्येत कशी आहे आता?

कोपऱ्यातलं टेबल

उजव्या हाताची बोटं हलायला लागलीत, आजोबा. बोलणं अजून नाही.

अर्धशिक्षित

टेबलराव, लेखाची सुरुवात आवडली, निष्कर्ष पटला नाही. तुम्ही त्याच्याकडे गोळी मागताय. त्याने दवाखाना कधी उघडलाच नव्हता. त्याने स्वतः म्हटलंय की मी नीतिशास्त्र रचायला बसलेलो नाही, त्याचा अर्थ काय एवढंच शोधतोय. आपण नियम का पाळतो, करार का करतो, कायद्याने भागत नाही तेव्हा का अस्वस्थ होतो, याच्या मुळाशी काय आहे, हा त्याचा प्रश्न. ‘मग मी करू काय’ याचं उत्तर त्याने दिलं नाही ही तक्रार गुरुत्वाकर्षणाच्या सिद्धांताने जिना बांधून दिला नाही म्हणण्यासारखी आहे.

दुसरं. तुम्ही ‘तिसरा’ गाळलात. जगात दोघंच असते तर काही अडचण नव्हती, असं तो वारंवार म्हणतो. मी सगळं दुसऱ्याला देऊन मोकळा झालो असतो. पण तिसरा असतो, आणि तोही दुसऱ्याचा दुसराच. मग तुलना आली, वजनकाटा आला, कुणाला आधी, कुणाला किती. न्याय, संस्था, कोर्टकचेरी, राज्य हे सगळं तिथून निघतं. तुमची ‘वाटून घेतलेली, लिहून ठेवलेली’ जबाबदारी त्याला हवीच आहे. फक्त ती कशासाठी लिहिली होती हे लिहिणाऱ्याने विसरू नये, एवढा त्याचा आग्रह.

आणि हा तिसरा मागाहून दार वाजवत येत नाही. १९६१ च्याच ग्रंथात त्याने लिहिलंय की दुसऱ्याच्या डोळ्यांतून तिसरा माझ्याकडे बघत असतो. मावशींच्या ‘वरची कडी लाव’मधून तो मुलगा तुमच्याकडे बघतच होता. त्या रात्री तुम्हाला परत झोप लागली का?

कोपऱ्यातलं टेबल

नाही.

अर्धशिक्षित

मग झालं तर. तो ज्याला जबाबदारी म्हणतो ती हीच, उडालेली झोप. निद्रानाश आणि जाग हे त्याचे लाडके शब्द आहेत, ते उगाच नाहीत.

चिवट मुंगी

वा. झोप यांची उडाली, जागल्या मावशी. आणि तत्त्वज्ञानात नोंद झाली ती उडालेल्या झोपेची.

मी भांडायलाच आलेय, तर सगळं एकदम लिहून टाकते.

एक. लेव्हिनास ‘दुसरा’ म्हणतो तेव्हा बाई कुठे असते? १९४६-४७ च्या त्याच्या व्याख्यानांत ‘दुसरेपणा’चा कळस म्हणून स्त्रीत्व येतं. स्त्रीवादी लेखिका सिमोन द बोव्हारने १९४९ मध्ये एका तळटीपेत त्याला धरलं : हे वर्णन वस्तुनिष्ठ असल्याचा आव आणतं, पण लिहिणारा पुरुषाच्या जागेवर बसून लिहितोय. १९६१ मध्ये बाई घरात आली. तिच्या असण्याने घराला ऊब येते आणि मग पुरुष बाहेर जाऊन ‘दुसऱ्याचं’ स्वागत करायला मोकळा. १९७४ च्या पुस्तकात तर जबाबदारीची प्रतिमाच आईपण. पोटात दुसऱ्याला वाढवणारी, स्वतःच्या तोंडचा घास काढून देणारी. शब्द तरी बघा त्याचे : ओलीस, दुसऱ्याच्या जागी बदली, छळ.

दोन. हे ज्याला कधी कुणासाठी उठावं लागलं नाही अशा माणसाने वाचलं तर औषध आहे. त्याचा अहं जरा खाली येईल. पण ज्यांना जन्मापासून ‘आधी तुम्ही’च शिकवलंय त्यांनी वाचलं तर? माझ्या सासूबाईंनी चाळीस वर्षं सगळ्यांचं झाल्यावर, तळाची कढी उरेल तेवढ्यात भात कालवला. त्यांना कुणी सांगायला हवं का, की तुमची जबाबदारी अमर्याद आहे आणि परतफेड मागू नका? पॉल रिकर या फ्रेंच तत्त्वज्ञाने १९९० मध्ये हेच सौम्य भाषेत विचारलं : सगळा भार दुसऱ्याकडून येत असेल आणि ‘मी’ नुसता आरोपी असेन, तर हाकेला ओ द्यायला उरतं कोण? स्वतःबद्दल थोडा मान असल्याशिवाय माणूस कुणाला उत्तर देऊच शकत नाही.

तीन, आणि हे टेबलरावांना. अख्ख्या धाग्यात आई आहे, मावशी आहेत, मुलगा आहे, हायडेगर आहे. तुमच्या घरात आणखी कुणी राहतं का? सकाळी आठनंतर कोण करतं?

कोपऱ्यातलं टेबल

बायको करते. नोकरी सांभाळून. लिहायला हवं होतं. मला सुचलंच नाही, आणि त्यावर सफाई देत नाही.

खडूस आजोबा

मुंगीताई चावल्या.

मी तत्त्वज्ञानवाला नाही, पण एक शंका. हे सगळं आपल्याकडे चार ओळींत सांगून झालेलं नाही का? ‘जे का रंजले गांजले, त्यासी म्हणे जो आपुले.’ तुकोबांना फ्रायबुर्गला जावं लागलं नाही.

अर्धशिक्षित

आजोबा, ‘आमच्याकडे आधीच होतं’ हा खेळ एरवी मी खेळत नाही, पण तुम्ही बरोबर त्या शब्दावर बोट ठेवलंत जिथे दोघांचं पटणार नाही. ‘आपुले.’ लेव्हिनासचा सगळा झगडा या शब्दाशी आहे. दुसऱ्याला आपलं म्हटलं की तो माझ्यात जमा झाला. माझ्यासारखा झाला, माझ्या घरचा झाला, माझ्या व्याख्येत बसला. पाश्चात्त्य तत्त्वज्ञान दोन हजार वर्षं हेच करत आलं, असा त्याचा आरोप आहे : वेगळं दिसलं की ओढून ‘तेच’ करून टाकायचं. त्याच्या मते दुसरा परका राहतो, राहिला पाहिजे, आणि परका असूनही मी त्याला बांधील असतो. आपला म्हणून केलं तर ते नातेवाइकांत होतंच की.

चिवट मुंगी

या एका मुद्द्यावर मी चक्क लेव्हिनासच्या बाजूने.

‘मावशी’ हा शब्द घ्या. पोळ्यावाल्या मावशी, ब्युरोच्या मावशी, डब्याच्या मावशी. नातं जोडलं की पगारवाढ मागणं कृतघ्नपणा ठरतो, आणि दिवाळीला जुनी साडी दिली की प्रेम ठरतं. ‘घरच्यासारख्याच आहेत हो’ म्हणणाऱ्या घरांत त्यांचा कप वेगळा असतो, तो ओट्याच्या कोपऱ्यात पालथा घातलेला असतो. मी माझ्या माहेरी बघितलाय. पिवळा, कान तुटलेला. बाहेरून कुणी ‘कामगार’ म्हटलं तर आई दुखावायची : असं काय म्हणतेस, त्या आपल्याच आहेत.

टेबलराव, मावशींचं नाव काय?

कोपऱ्यातलं टेबल

...ब्युरोच्या पावतीवर असेल.

खडूस आजोबा

म्हणजे डोळ्यांचा रंगच काय, नावही बघितलं नाही. लेव्हिनासचे पट्टशिष्य!

बाकी अर्धशिक्षित, अभंग पुरा करा. त्यातच पुढे आहे, ‘दया करणे जे पुत्रासी, तेचि दासा आणि दासी’. म्हणजे मुलावर करतोस तेवढं गड्यावर, मोलकरणीवर कर. हे गोडगोड आपलेपण नाही, मापात सांगितलेलं आहे. पुत्र हे माप. तुमच्या लेव्हिनासकडे माप आहे का असं एखादं?

अर्धशिक्षित

नाही. हे त्याच्याकडे नाही. मान्य.

तिरकी रेघ

माप नसल्याची किंमत काय असते ते मी सांगतो. फार वरवरच्या घरगुती चर्चेत अडकलात तुम्ही लोक.

सप्टेंबर १९८२. लेबनॉनवर इस्रायलची चढाई झालेली, बैरुतभोवती त्यांचं सैन्य. १६ ते १८ तारखेदरम्यान साब्रा आणि शातिला इथल्या पॅलेस्टिनी वस्तीत फलांजिस्ट या लेबनीज ख्रिश्चन सशस्त्र गटाने कत्तल केली, इस्रायली सैन्याचा वेढा बाहेर असताना. महिना संपायच्या आत पॅरिसमधल्या ज्यू रेडिओवर लेव्हिनास चर्चेला बसला होता. मुलाखतकाराने सरळ विचारलं : तुम्ही ‘दुसऱ्या’चे तत्त्वज्ञ, तर इस्रायलींच्या दृष्टीने हा ‘दुसरा’ म्हणजे सगळ्यात आधी पॅलेस्टिनीच ना? आता या प्रश्नाला तुमच्या चेहरावाल्या तत्त्वज्ञाने काय म्हणावं? म्हणाला, माझी दुसऱ्याची व्याख्या पूर्ण वेगळी आहे. दुसरा म्हणजे शेजारी, तो नात्यातला असायलाच हवा असं नाही, पण असू शकतो. आणि शेजारी दुसऱ्या शेजाऱ्यावर हल्ला करत असेल तर काय करणार? मग दुसरेपणाचा रंग बदलतो, त्यात शत्रूही सापडू शकतो.

म्हणजे जबाबदारी अमर्याद, पण परीक्षेचा पेपर हातात पडला तेव्हा प्रश्नच बदलला. तुमचा तो ‘तिसरा’ बरोबर हव्या त्या क्षणी कामाला आला. दोन हजार पानं ‘परका परकाच राहू दे’ आणि ऐन वेळी ‘नात्यातला असू शकतो’.

आणि हेही घ्या. १९६३ मध्ये क्षमेवरच्या भाषणात त्याने म्हटलं की बऱ्याच जर्मनांना क्षमा करता येईल, काहींना करणं अवघड, आणि हायडेगरला करणं अवघड. मग अमर्याद काय राहिलं?

खडूस आजोबा

हायडेगरचं मला तरी चुकीचं वाटत नाही. ज्याने कधी माफी मागितली नाही त्याला कुणी काय म्हणून माफ करायचं?

अर्धशिक्षित

हायडेगरबाबत आजोबांशी सहमत. त्याच भाषणाचा गाभा तल्मुद या ज्यू धर्मग्रंथातला आहे की माणसाने माणसाचं केलेलं वाईट देवसुद्धा परस्पर माफ करू शकत नाही, ज्याचं वाईट झालं त्याच्याकडेच जावं लागतं. लेव्हिनास मेलेल्यांच्या वतीने सही करायला तयार नव्हता. यात जबाबदारीशी विसंगती नाही. माझ्यावर अमर्याद भार आहे याचा अर्थ इतरांच्या जखमा माफ करायचा परवाना मला मिळाला असा होत नाही.

१९८२ ची मुलाखत मात्र मला अजून टोचते. त्या चर्चेत तो हेही म्हणाला होता की दोष नसला तरी जबाबदारी उरते, आणि ती आपल्यावर आहे. हे गाळून फक्त ‘शत्रू’वालं वाक्य फिरवणं बरोबर नाही. पण तेवढ्याने ते वाक्य पुसलं जात नाही. देरिदा या फ्रेंच तत्त्वज्ञाने लेव्हिनासवर लिहिताना १९६४ मध्येच दाखवलेली फट इथे उघडी पडते, असं माझं वाचन. देरिदाचं म्हणणं होतं की दुसरा पूर्णपणे ‘दुसरा’ असेल, माझ्यासारखाच एक ‘मी’ म्हणून मी त्याला ओळखणारच नसेन, तर तो मला दिसणार कसा? भिंत आणि माणूस यांत फरक कसा करणार? सारखेपणा थोडा तरी लागतोच. आणि सारखेपणा घरात आणलात की कोण जास्त सारखा हा प्रश्न मागोमाग आलाच.

तरीही ‘तत्त्वज्ञ परीक्षेत नापास झाला म्हणून तत्त्व रद्द’ हे मी मानत नाही. तुम्ही त्याला नापास केलंत ते कुठल्या प्रश्नपत्रिकेवर? त्याच्याच.

तिरकी रेघ

वाक्य छान आहे. शातिलातल्या कुणाला त्याचा काय उपयोग?

नवखा

मध्येच विचारतोय, माफ करा. मी कुठेतरी छावणीतल्या कुत्र्याचं वाचलं होतं. ते याचंच का?

अर्धशिक्षित

याचंच. १९७५ चा छोटा निबंध आहे. सत्तर ज्यू युद्धकैदी, रोज जंगलात कामाला. रस्त्यात भेटणारे लोक, बायका, पोरं यांच्या नजरेतून आपलं माणूसपण सोलून निघायचं, असं तो लिहितो. काही आठवडे एक भटकं कुत्रं छावणीपाशी आलं. कैद्यांनी त्याचं नाव ठेवलं बॉबी. सकाळी हजेरीला आणि संध्याकाळी परतताना उड्या मारून, भुंकून स्वागत करायचं. त्याच्या लेखी ही माणसं होती यात शंकाच नव्हती. पहारेकऱ्यांनी त्याला हाकलून दिलं. लेव्हिनास त्याला नाझी जर्मनीतला शेवटचा कांटवादी म्हणतो (कांट म्हणजे आपला नियम सगळ्यांना लागू करता यावा असं सांगणारा जर्मन तत्त्वज्ञ), आणि लगेच पुस्ती जोडतो, की नियम सार्वत्रिक करायला लागणारा मेंदू मात्र त्याला नव्हता.

चिवट मुंगी

बघा, त्याला स्वतःला जेव्हा गरज होती तेव्हा हवं काय होतं? समोरच्याने आपल्याला ओळखावं. येता-जाता. रोज. म्हणजे परतफेडच की हो. बॉबीलासुद्धा तुकडा मिळत असणार.

सातासमुद्रापार

मी डेन्मार्कमध्ये ऑर्हूसला वृद्धांच्या निवासात काम करते. सहा वर्षं झाली. मूळची सांगलीची. धागा दोन दिवस वाचतेय, आज सुट्टी म्हणून लिहितेय.

टेबलदादा, तुम्ही मागताय ती लिहून ठेवलेली जबाबदारी इथे आहे. कुणाला आठवड्यात किती मदत, आंघोळीला किती वेळा, रात्री कितीदा बघून यायचं, हे कम्यून म्हणजे आपल्याकडची नगरपालिका ठरवते. उचलायला छताला लिफ्ट असते, माझी पाठ माझ्या मालकाच्या जबाबदारीत येते. ओव्हरटाइम, सुट्टी, सगळं कागदावर. त्यामुळे तिरकी रेघ आणि मुंगीताई, तुमच्या बाजूने मी साक्ष देऊ शकते : कागद असला की मावशी व्हावं लागत नाही.

पण रात्री दोनला एखाद्या आजी माझा हात धरून ठेवतात. कागदावर माझं काम संपलेलं असतं. पुढच्या खोलीत घंटी वाजत असते. तो हात कधी सोडायचा हे कम्यून सांगत नाही.

याच गावात क्नूड ल्योगस्ट्रुप नावाचे प्राध्यापक होते. आधी पाद्री, १९४३ पासून इथल्या विद्यापीठात, जर्मनांच्या ताब्याच्या काळात प्रतिकार चळवळीत. कामाच्या ठिकाणच्या वर्गात त्यांचं नाव पहिल्यांदा ऐकलं. १९५६ च्या त्यांच्या पुस्तकात म्हटलंय की कुणाशीही संबंध आला की त्याच्या आयुष्याचं काहीतरी आपल्या हातात येतंच. कधी नुसता त्याचा मूड, कधी अख्खं नशीब. मागणी मूक असते, एकतर्फी असते. इथवर लेव्हिनासच. पण एक फरक ते फार ठासून करतात : मागणी मूलगामी आहे, अमर्याद नाही. दुसऱ्याच्या आयुष्याची मी काळजी घ्यायची म्हणजे त्याची स्वतःची जबाबदारी त्याच्या हातून काढून घ्यायची नाही. मूक असल्यामुळे काय करायचं ते माझं मला ओळखावं लागतं, पण त्याच्या वतीने त्याचं आयुष्य ठरवायचा हक्क मला मिळत नाही.

त्या आजींना मी विचारते, “आता जाऊ?” कधी हो म्हणतात, कधी नाही.

तुम्ही मावशींना घरी पाठवू का, मुलाला आणू का, असं सगळं आम्हाला विचारताय. मावशींना विचारलं का?

तिरकी रेघ

ही पहिली कामाची पोस्ट.

अर्धशिक्षित

ल्योगस्ट्रुप वाचलेला नाही, शोधतो. माझ्याकडून एक भर. देरिदाने नंतर, नव्वदच्या दशकात, एक प्रश्न विचारला होता : रोज सकाळी मी घरातल्या मांजराला खाऊ घालतो, तेव्हा जगातली बाकी सगळी मांजरं मी उपाशी ठेवतो, याचं समर्थन काय? त्याच्या मते समर्थन नाही. एकाला उत्तर दिलं की बाकीच्यांना पाठ फिरवलीच. ‘वाटून घेतलेल्या’ जबाबदारीतही ही पाठ फिरवणं लपतं फक्त, जात नाही. टेबलरावांशी माझं मतभेदाचं टोक हे आहे. मर्यादा घाला, घालावीच लागते. पण ती घातल्यावर हात झटकून ‘हिशोब पुरा’ म्हणू नका.

खडूस आजोबा

रोज सकाळी गच्चीवर सहा मांजरांना घालतो. देरिदांना सांगा.

कोपऱ्यातलं टेबल

चार दिवस आलो नाही, कारण सांगण्यासारखं काही नव्हतं.

सातासमुद्रापारताई, विचारलं. त्याआधी मनात सगळी योजना आखून ठेवली होती : मावशींना दिवसपाळी द्यायची, म्हणजे रात्री मुलाजवळ आई. रात्री आठवड्यातून चार दिवस मी, तीन दिवस बायको. बायकोला हे पटवायला बसलो तर तिने विचारलं, “मावशींना परवडतं का?” मी म्हटलं, परवडेल की, काम तर तेच.

रात्री मावशी आल्यावर सांगितलं. त्या आईच्या पाठीला पावडर लावत होत्या, हात थांबवला नाही. म्हणाल्या, “दिवसाला पैसे कमी मिळतात दादा. आणि सकाळी माझी तीन घरच्या पोळ्यांची कामं आहेत. रात्रीचं बंद करू नका.” मग जरा वेळाने, “आईंचं काही कमी पडलं का माझ्याकडून?”

म्हणजे मी उदारपणे त्यांची नोकरी घालवायला निघालो होतो, आणि त्यांना वाटलं मी तक्रार करतोय.

नावही विचारलं. मान वर करून म्हणाल्या, “कशाला? पोलीस व्हेरिफिकेशन आहे का?” मग सांगितलं. इथे लिहीत नाही.

जाता जाता त्यांनीच एक गोष्ट मागितली. गॅलरीत रेंज येत नाही, फोन सारखा कट होतो, तर वायफायचा पासवर्ड द्याल का? आता आईच्या औषधांच्या डब्याला टेकवून त्यांचा फोन रात्रभर उभा असतो. पलीकडे मुलगा झोपलेला. दिसत काहीच नाही, अंधार असतो. पंख्याचा आवाज येतो. पहाटे तीनला आईने डोळे उघडले की ती बराच वेळ त्या फोनकडे बघत असते.

माझं मूळ मत बदललं का? अर्धं. ‘लिहून ठेवलेली’ हवीच, यावर ठाम आहे. पण कुणी लिहायची, हे मी परस्पर ठरवलं होतं.

चिवट मुंगी

वायफाय दिलंत, चांगलं केलंत. महिन्याच्या चार भरपगारी सुट्ट्यांचं काय?

कोपऱ्यातलं टेबल

दोन कबूल केल्यात. ब्युरो म्हणतं, तुम्ही दिल्या तर बाकीची गिऱ्हाइकं बोंब मारतील. उद्या परत फोन करतोय.

चिवट मुंगी

चार.